जपानी फ्लॅटमेट, विलायती घर आणि मधले तुम्ही: घोटाळे ओळखायची आणि निस्तरायची रीत

ब्रिटनच्या यूथ मोबिलिटी व्हिसावर १८ ते ३० वयाच्या जपानी मुलामुलींना दोन वर्षं राहून काम करता येतं. २०२४ मध्ये त्यांच्या वर्षाच्या जागा १,५०० वरून ६,००० झाल्या. भारतीय पदवीधरांसाठी २०२३ पासून तसाच एक व्हिसा आहे, वर्षाला ३,००० जागा, त्याही चिठ्ठ्या टाकून. त्यामुळे लंडनच्या एखाद्या सामायिक घरात फ्रिजचा वरचा कप्पा जपानी मुलीचा आणि खालचा मराठी मुलीचा, असं होणं आता फारसं नवलाचं नाही. हे टिपण त्या खालच्या कप्प्यासाठी.

इंग्रजांच्या घरात जपानी मुलीचे जे घोटाळे होतात, त्यातले निम्मे आपल्याला ऐकताक्षणी कळतात, कारण ते आपलेही होतात. म्हणून घरात दुभाष्याचं काम तुमच्याकडेच येणार. उरलेल्या निम्म्यांत मात्र तुम्हीच आधी फसाल, कारण तिथे ती अगदी आपल्यासारखी वाटते आणि नसते.

‘हो’चे प्रकार

सगळ्यात जास्त गोंधळ या एका शब्दाने होतो, म्हणून इथे वेळ घालवलेला बरा.

जपानीत समोरचा बोलत असताना मधेमधे ‘हाय’, ‘एए’, ‘उन्’ म्हणत राहायची पद्धत आहे. तिला ‘आइझुची’ म्हणतात. अर्थ एवढाच, की ऐकतेय, पुढे बोला. फोनवर आपण ‘हं... हं...’ करतो तेच. ती सवय इंग्रजीत आली की त्याचं ‘येस, येस’ होतं. घरमालक भाडं वाढवायचं सांगतोय, ती ‘येस, येस’ करतेय. तो खूश होऊन जातो आणि ही नंतर खोलीत बसून आकडेमोड करते. उपाय: बोलणं संपल्यावर ‘कळलं ना?’ विचारू नका, त्याचंही उत्तर ‘येस’च येईल. ज्याच्या उत्तरात काहीतरी माहिती द्यावी लागेल असं विचारा: ‘मग नवं भाडं कधीपासून?’, ‘किती भरायचंय?’

दुसरा प्रकार नकारार्थी प्रश्नाचा. ‘चहा नको का तुला?’ यावर आपण ‘हो, नको’ म्हणू शकतो. जपानीतही तसंच: प्रश्नातला नकार बरोबर असेल तर ‘हाय’. इंग्रजीत उलटं. ‘डोन्ट यू वॉन्ट टी?’ला ती ‘येस’ म्हणते, म्हणजे ‘बरोबर, नको’, आणि समोर वाफाळता कप येतो. तो ती पिते, कारण आणलेला परत कसा करायचा? ‘डू यू माइंड’ने सुरू होणारे प्रश्न याहून वाईट, त्यात ‘येस’ आणि ‘नो’ दोन्ही बुडतात. घरात सगळ्यांना एक सवय लावा: पर्याय समोर ठेवून विचारायचं. ‘खिडकी उघडू की बंद ठेवू?’

तिसरा, ‘दाइजोबु’. शब्दशः अर्थ ठीक आहे, चालेल. पण ‘पिशवी देऊ का?’ला ‘दाइजोबु’ म्हणजे नको. ती त्याचं इंग्रजी ‘आय अ‍ॅम ओके’ करते आणि ऐकणाऱ्याला होकार वाटतो. चेहऱ्यापेक्षा हाताकडे बघा. उभा तळवा तोंडासमोर डावी-उजवीकडे हलत असेल तर तो नकार. (हाच हात इंग्रजांना ‘काय घाण वास येतोय’ असा दिसतो. स्वयंपाकघरात तुम्ही फोडणी देत असताना तिने तो हलवला तर मनाला लावून घेऊ नका. ‘मी नाही’, ‘छे छे’ एवढंच ती म्हणतेय.)

गंमत म्हणजे इंग्रजही तिला असंच फसवतात. सकाळी जिन्यात भेटणारा प्रत्येक जण ‘यू ऑल राइट?’ म्हणतो. आपण आजारी दिसतोय की काय, म्हणून ती आरशात बघून येते. तिला सांगून ठेवा की ही नुसती रामराम आहे, उत्तरादाखल तेच दोन शब्द परत फेकायचे आणि चालू पडायचं.

आणि ‘नाही’? ते तोंडातून सहसा निघत नाहीच. ‘चोत्तो...’ म्हणजे ‘जरा...’ असं म्हणून वाक्य लोंबकळत सोडलं की नाही. ‘मुझुकाशी’, अवघड आहे: नाही. ‘विचार करून ठेवते’: नाही. ‘इकेतारा इकु’ म्हणजे आपलं ‘जमलं तर येते’, आणि त्याची किंमतही तीच. रविवारच्या जेवणासाठी माणसं मोजताना ‘जमलं तर’वाल्यांना धरू नका. ‘काय आणू?’ असं तिने विचारलं तरच पान वाढवा.

पानावरची कोंडी

इथे मराठी यजमान फसतो. आग्रह आपल्याकडे आहे, ‘एन्र्यो’ म्हणजे संकोचाने नको म्हणणं त्यांच्याकडे आहे. एकदा-दोनदा नाही म्हणून तिसऱ्यांदा घ्यायचं, हे दोघांनाही ठाऊक. इंग्रज एकदाच विचारतो आणि वाटी उचलून नेतो, तेव्हा तुम्ही दोघी सारख्याच उपाशी राहता. इथवर सगळं जुळतं.

कोंडी पुढे होते. जपानी घरात भाताचं शीतही ताटात सोडायचं नाही असं लहानपणापासून शिकवतात. आपल्या घरात ताट रिकामं दिसलं की वाढायचं. म्हणजे तिने संपवायचं, तुम्ही वाढायचं, तिने पुन्हा संपवायचं. कुणीच वाईट वागत नाही आणि पाहुणी आडवी होते. ही साखळी तोडायची तर:

पहिल्यांदा वाढतानाच कमी वाढा, नेहमीच्या निम्मं.

पुढचं वाढण्याआधी भांडं हातात न घेता विचारा. वाढायचा डाव हवेत धरून विचारलेला प्रश्न हा प्रश्न नसतो.

तिला ‘पुरे’ हा शब्द आणि ताटावर आडवा हात धरायची खूण शिकवा. ‘ओनाका इप्पाई’, पोट भरलं, हे तुम्ही शिका आणि ते ऐकल्यावर खरंच थांबा.

प्यायच्या बाबतीत नियम वेगळा. जपानी बैठकीत आपला पेला आपण भरायचा नसतो, शेजारच्याचा भरायचा. पेला रिकामा केलात की ती भरणार. थांबायचं असेल तर अर्धा भरलेला तसाच राहू द्या.

नूडल्स ओढताना आवाज होणारच, सोबाची ती पद्धतच आहे. कढीचा भुरका मारणाऱ्यांनी त्यावर बोलू नये. मात्र उलट बाजू लक्षात ठेवा: चारचौघांत मोठ्याने नाक शिंकरणं तिला किळसवाणं वाटतं, नाक ओढत राहणं चालतं. इंग्रजांचं बरोबर विरुद्ध. सर्दीच्या दिवसांत दोन्ही बाजू एकमेकांना असंस्कृत समजतात.

चॉपस्टिक भातात उभ्या रोवू नका. मृतापुढे ठेवायच्या भातात त्या तशा रोवतात. एकीच्या चॉपस्टिकमधून दुसरीच्या चॉपस्टिकमध्ये घासही देऊ नका, दहनानंतर अस्थी तशा उचलतात. पिंडाच्या भाताला आपण जसे बिचकतो, तसंच हे.

क्योतोबद्दल एक जुना किस्सा सांगतात: यजमानाने ‘बुबुझुके’, म्हणजे चहा ओतलेला भात, खाणार का विचारलं की निघायची वेळ झाली असं समजावं. आता हा प्रकार अनुभवापेक्षा विनोदातच जास्त भेटतो. ‘जेवून आलात की जाऊन जेवणार?’ ही पुणेरी आवृत्ती तिला जरूर ऐकवा, लगेच समजेल.

न्हाणीघर: खालच्या मजल्यावर पाणी

जपानी न्हाणीघरात जमिनीला उतार आणि जाळी असते. टबच्या बाहेर छोट्या स्टुलावर बसून साबण लावायचा, सगळा फेस धुऊन टाकायचा आणि मगच ४० ते ४२ अंशांच्या पाण्यात डुंबायचं. टबातलं पाणी स्वच्छ राहतं, म्हणून त्याच पाण्यात घरातले सगळे पाळीपाळीने उतरतात आणि मधल्या वेळी त्यावर झाकण ठेवतात.

इंग्रजी न्हाणीघरात जमिनीला जाळी नसते. तिने बाहेर बसून एक तांब्या ओतला की पाणी लाकडी फळ्यांतून थेट खालच्या छताला. बादली-तांब्यावाले आपणही नेमकी हीच चूक करतो, त्यामुळे डाग नक्की कुणाचा यावर फार खोलात जाऊ नये. करायचं असं: प्लॅस्टिकचं स्टूल टबच्या आत ठेवा, बादलीही आत. शॉवरचा पडदा टबच्या आतल्या बाजूला सोडा. सगळी धुलाई आत उरका, पाणी जाऊ द्या, टब विसळा आणि मग डुंबण्यासाठी भरा. गरम पाण्याची टाकी असलेल्या घरात एक टब भरला की पुढच्याला थंड पाणी मिळतं. तेव्हा डुंबण्याचे दिवस ठरवून घ्या.

टब भरलेलाच सोडून ती बाहेर आली तर तो विसराळूपणा समजू नका, पुढच्यासाठी ठेवलेलं सौजन्य आहे. इंग्रज ते पाणी बघून चेहरा वाकडा करतो. तिला स्पष्ट सांगा: इथे बूच काढूनच बाहेर यायचं.

संडासात वारंवार पाणी सोडल्याचा आवाज आला म्हणून पोटाचं औषध घेऊन धावू नका. आपला आवाज बाहेर जाऊ नये म्हणून जपानी बायका पाणी सोडत राहायच्या. हे पाणी वाचवायला टोटो कंपनीने १९८८ मध्ये ‘ओतोहिमे’ नावाचं यंत्र आणलं, ते नुसता पाण्याचा आवाज काढतं. इंग्रजी घरात ते नाही, म्हणून जुनी सवय परत येते. फोनवर पाण्याचा आवाज वाजवणं हा स्वस्त उपाय. बाकी संडासात पाण्याऐवजी नुसता कागद, या दुःखात तुम्ही दोघी एक आहात; नळाला जोडायचा हातफवारा लावायचा असेल तर मालकाची परवानगी घेऊन वर्गणी काढा.

वीज आणि आकडे

जपानात वीज १०० व्होल्टची, ब्रिटनमध्ये २३० व्होल्टची. घरून आणलेला राइस कुकर किंवा केस सरळ करायची इस्त्री नुसत्या अ‍ॅडॉप्टरने लावली तर पिना जुळतात, व्होल्टेज तेच राहतं. तापणाऱ्या तारेला सुमारे सव्वादोन पट व्होल्टेज मिळालं की उष्णता पाचपटीहून जास्त होते. फ्यूज उडतो, नाहीतर केस जळतात. उपकरणाच्या तळाचं लेबल वाचा: १००-२४० लिहिलं असेल तर लावा, नुसतं १०० असेल तर नाही. ट्रान्सफॉर्मर मिळतो, पण ड्रायरच्या १,२०० वॉटला पुरेल असा घेतलात तर तो उचलायलाच दोघं लागतील. इथलाच नवीन कुकर घ्या.

कुकरसोबतचा कप १८० मिलिलिटरचा असतो. हे जपानी माप, ‘गो’. त्यात साधारण १५० ग्रॅम तांदूळ मावतो. कुकरच्या आतल्या पाण्याच्या रेघा याच कपाला धरून आखलेल्या असतात. घरातल्या मोठ्या कपाने तांदूळ मोजून पाणी मात्र रेघेपर्यंत घातलं की भात टचटचीत राहतो आणि दोष बिचाऱ्या तांदळावर जातो.

तारीख. घरून आलेल्या खोक्यावर २५.०३.०४ छापलेलं असतं. ते वर्ष-महिना-दिवस, म्हणजे २०२५ चा ४ मार्च. इंग्रज फ्लॅटमेट ते २५ मार्च २००४ असं वाचतो आणि साफसफाईच्या उत्साहात अख्खं खोकं कचऱ्यात टाकतो. प्रत्येक पाकिटावर मार्करने महिना अक्षरांत लिहून ठेवा. तारखेआधीचे शब्दही दोन: ‘शोमी किगेन’ म्हणजे तोवर चव उत्तम, ‘शोही किगेन’ म्हणजे त्यानंतर खाऊ नका.

मजले. जपानात तळमजला हाच पहिला मजला. ब्रिटनमध्ये आणि आपल्याकडे तळमजला वेगळा, पहिला त्याच्या वर. तिने ‘थर्ड फ्लोअर’ सांगितलं तर तुम्ही दुसऱ्यावर जा. किंवा ‘जिने किती चढायचे?’ विचारा, त्यात चूक होत नाही.

वेळ. तिच्या संदेशात ‘शुक्रवार २५ वाजता’ आलं तर टाइपिंगची चूक नाही. रात्री उशिराची दुकानं आणि टीव्हीचे कार्यक्रम मध्यरात्र ओलांडली तरी आकडे पुढे मोजतात. २५ म्हणजे शनिवारी पहाटेचा एक.

आणि कामांचा तक्ता. जपानी शाळेत बरोबर उत्तराला गोल काढतात, चुकलेल्याला टिक किंवा फुली. फ्रिजवरच्या तक्त्यात तिच्या नावापुढे ओळीने टिका दिसल्या की तिला वाटतं, आपलं सगळं चुकलंय, आणि ती स्वच्छ ओटा पुन्हा घासते. तिने तुमच्या नावापुढे गोल काढले तर ते शून्य नाहीत, शाबासकी आहे. तक्त्याखाली एक ओळ लिहा: टिक म्हणजे झालं.

शब्द इंग्रजी, अर्थ तोक्योचा

जपानीत गेलेले इंग्रजी शब्द परत इंग्लंडमध्ये आले की ओळख विसरतात. ‘सायडर’ जपानात सोडा-लिंबूसारखं गोड पेय, पोरंही पितात. इंग्लंडमध्ये सफरचंदाची दारू. ऑफिसात दुपारी बारा वाजता तिने सायडर मागितलं, तर आधी तिला हे सांगा. ‘मॅन्शन’ म्हणजे साधी सिमेंटची इमारत किंवा तिच्यातला फ्लॅट. ‘मी मॅन्शनमध्ये राहायचे’ असं ऐकून बिल वाटताना तिच्या वाट्याला जास्त टाकू नका. ‘कन्सेंट’ म्हणजे भिंतीतला प्लग. कॅफेत ‘कन्सेंट कुठे आहे?’ हा प्रश्न फोन चार्ज करण्यासाठी असतो. ‘सर्व्हिस’ म्हणजे फुकट, त्यामुळे लंडनच्या बिलात ‘सर्व्हिस १२.५ टक्के’ वाचून तिला कोडं पडतं. ‘क्लेम’ म्हणजे तक्रार, ‘स्मार्ट’ म्हणजे सडपातळ, ‘कनिंग’ म्हणजे परीक्षेतली कॉपी, ‘व्हायकिंग’ म्हणजे बुफे.

सगळ्यात धोकादायक ‘टेन्शन’. जपानीत ‘टेन्शन वर गेलं’ म्हणजे उत्साहाला उधाण आलं. मराठीत टेन्शन आलं की माणूस जेवत नाही. ‘माय टेन्शन इज व्हेरी हाय’ असं ती म्हणाली तर तिला समजवायला बसू नका, ती सहलीला निघालीय. आपणही धुतल्या तांदळाचे नाही: ‘मी २०२२ ला पास आउट झाले’ हे ऐकून इंग्रज तब्येतीची चौकशी करतो.

मराठी-जपानी अशी वेगळीच गंमत तुमच्या व्हिडिओ कॉलला होते. ‘बाबा’ म्हणजे जपानीत म्हातारी, आणि ते काही आदराने नव्हे. ‘आई’ म्हणजे प्रेम. ‘आजी’ म्हणजे चव, आणि एक मासाही. ‘काकू’ म्हणजे लिहिणे. वडिलांना तिचा शब्द ‘चिची’, स्वतःच्या आईला ‘हाहा’. पहिल्याच आठवड्यात नात्यांचा एक कागद करून टाका, नाहीतर तुम्ही रोज संध्याकाळी कुणा म्हातारीवर ओरडता अशी तिची समजूत राहील. ‘नाय’ला मात्र अनुवाद लागत नाही. त्यांचंही ‘नाय’ म्हणजे नाहीच, आणि वाक्याच्या शेवटचं ‘ने’ हे आपलं ‘ना’. पावही दोघांकडे एकाच घरचा: आपला पाव आणि त्यांचा ‘पान’, दोन्ही पोर्तुगीजांनी दिलेले.

हातांची भाषा

बोलावताना तळवा खाली करून बोटं हलवणं आपल्यासारखंच. इंग्रजाला ते ‘जा’ वाटतं. ‘मी?’ म्हणताना ती छातीऐवजी नाकाकडे बोट दाखवते. स्वतःशी मोजताना उघड्या हाताची बोटं अंगठ्यापासून मिटत जाते, म्हणून पाच झाले की मूठ. आपण पेरं मोजतो ते तिला तितकंच अजब.

एक गोष्ट मात्र हसण्यावारी नेऊ नका. फोटोत दोन बोटांचा व्ही करताना हाताची पाठ समोर ठेवायची पद्धत जपानी मुलींत आहे. ब्रिटन, आयर्लंड आणि ऑस्ट्रेलियात तो उघड शिवी देणारा हात आहे. पबमध्ये अनोळखी लोकांसमोर तळवाच समोर हवा, हे पहिल्या दिवशी सांगा.

भेटी, रक्तगट आणि गणपती

कुठूनही फिरून आली की ती ‘ओमियागे’ आणते: माणशी एक, वेगळं गुंडाळलेलं बिस्किट. टेबलावर पाच असतील तर घरातली माणसं मोजा. दोन उचललेत तर कुणाचं तरी गेलं. तुम्ही भेट देताना चार नगांचा संच टाळा (चारचा उच्चार ‘शी’, मृत्यूचाही तोच), रुमालही टाळा, तो ताटातुटीचा. लग्नाच्या पाकिटात सम आकडा नको, दुभंगतो म्हणून. आपण १०१ का देतो ते आठवा. भारी भेट देऊ नका. परतफेड करायची त्यांची पद्धत पक्की आहे, उगाच तिच्या डोक्यावर कर्ज होतं. १४ फेब्रुवारीला तिने घरातल्या प्रत्येक मुलाला चॉकलेट दिलं तर कुणी हुरळून जाऊ नये. जपानात त्या दिवशी बायका देतात, सहकाऱ्यांनाही, निव्वळ रीत म्हणून. परतफेड १४ मार्चला असते, ती मात्र विसरू नका.

ओळख होताच रक्तगट विचारते, ती रक्तदान शिबिराची तयारी नव्हे. ए नीटनेटका, बी आपल्याच तंद्रीतला, ओ मोकळा, एबी तऱ्हेवाईक असा समज आहे. पत्रिकेतला गण बघणाऱ्यांनी याला थोतांड म्हणताना जरा जपून.

लंडनच्या महाराष्ट्र मंडळात (स्थापना १९३२) किंवा घरच्याच गणपतीला तिला न्यायचं असेल तर आधी हे सांगा: बूट बाहेर (हे तिला सांगावं लागणार नाही), प्रसाद उजव्या हातात. ती दोन्ही हात पुढे करेल, चालतं. मूर्तीपुढे ती दोनदा वाकून दोन टाळ्या वाजवून पुन्हा एकदा वाकली, तर ती शिंतो देवळातली रीत आहे. आरतीच्या टाळ्यांत खपून जाते. दारावरच्या स्वस्तिकाला ती दचकणार नाही, जपानी नकाशावर देवळाची खूण ‘मांजी’ तशीच असते. दचकतील बाकीचे फ्लॅटमेट, म्हणून ते घराच्या आत काढा, रस्त्याकडच्या काचेवर नको.

आणि गणपती तिच्याही ओळखीचा असू शकतो. जपानात तो ‘कांगितेन’ किंवा ‘शोतेन’, बहुतेक देवळांत मूर्ती झाकलेली. तोक्योत आसाकुसाजवळ मात्सुचियामा शोदेन नावाचं त्याचं देऊळ आहे आणि तिथे नैवेद्याला मुळा वाहतात. तेव्हा मोदकांच्या ताटाशेजारी तिने पांढराशुभ्र मुळा आणून ठेवला तर स्वयंपाकघरात उचलून नेऊ नका. आरती होऊ द्या, मग कोशिंबीर करा.